देणारा दोषी, घेणारे निर्दोष

अमेरिकेच्या खासदारांनी स्वतःच्या नावाने कंपन्यांचे शेअर बाळगावेत की नाही, हा वाद तिथे बरीच वर्षं चालू आहे. २०१२ साली त्यासाठी एक कायदा झाला. हजार डॉलरच्या वरचा व्यवहार असेल तर तो ४५ दिवसांच्या आत जाहीर करायचा. उशीर झाला तर नेहमीचा दंड २०० डॉलर. शेअर बाळगूच नयेत अशी विधेयकं दोन्ही पक्षांचे सदस्य वर्षानुवर्षं मांडत आले आणि ती मागे पडत आली. आपल्याकडून तिकडे गेलेली कितीतरी मराठी घरं आता तिथली मतदार आहेत, त्यामुळे हा प्रश्न आपल्याला तसा परका राहिलेला नाही. माझं मत स्पष्ट आहे : पूर्ण बंदी हवी. आणि हे मत ज्याच्यामुळे पक्कं झालं, तो माणूस १८७३ साली वारला. त्याचं नाव ओक्स एम्स.

एम्सची गोष्ट सहसा दोन तऱ्हांनी सांगितली जाते. एका सांगण्यात तो पैसे चारून संसद विकत घेणारा लबाड व्यापारी असतो. दुसऱ्यात, देशाला रेल्वे देऊन बदल्यात बदनामी पदरात पाडून घेतलेला हुतात्मा. मला दोन्ही पटत नाहीत. एम्स लबाड असता तर त्याच्याकडून शिकण्यासारखं फार काही नव्हतं. लबाडांसाठी कायदे असतातच. तो सचोटीचा होता, आपण काही वाईट केलं असं त्याला शेवटपर्यंत वाटलं नाही, आणि तरीही त्याने जे केलं ते लोकशाहीला आतून पोखरणारं होतं. म्हणून तो महत्त्वाचा.

त्याचा जन्म १० जानेवारी १८०४ चा, मॅसॅच्युसेट्समधल्या ईस्टन गावचा. वडील ऑलिव्हर हे लोहार. त्यांनी फावडी बनवण्याचा धंदा काढला. आपलं फावडं म्हणजे दांड्याशी काटकोनात बसवलेलं पातं, वाकून माती स्वतःकडे ओढायची. एम्सचं फावडं वेगळं. लांब सरळ दांडा, पुढे खोलगट पातं. पात्याच्या वरच्या कडेवर पाय ठेवून ते जमिनीत दाबायचं, माती उचलायची आणि पलीकडे फेकायची. कालवे खणणं, रेल्वेचे भराव घालणं, बोगद्यातला मलबा उपसणं, ही सगळी कामं त्या काळी माणसाच्या पाठीवर आणि या एका अवजारावर चालत. १८४४ साली वडिलांनी कारखाना ओक्स आणि धाकटा ऑलिव्हर या दोघा मुलांच्या हाती दिला. पुढे चारच वर्षांत कॅलिफोर्नियात सोनं सापडलं आणि फावड्यांच्या मागणीला तोटा राहिला नाही. मिसिसिपीच्या खोऱ्यात एम्सचं फावडं नाण्यासारखं चालतं, असं लोक म्हणत. मग यादवी युद्ध आलं. सैन्याला खंदक खणायचे होते, त्यालाही फावडी लागली.

याच युद्धाच्या दुसऱ्या वर्षी, १८६२ मध्ये, ओक्स रिपब्लिकन पक्षातर्फे निवडून आला आणि मार्च १८६३ पासून दहा वर्षं प्रतिनिधीगृहात बसला. त्याच १८६२ च्या १ जुलैला लिंकनने पॅसिफिक रेल्वेच्या कायद्यावर सही केली होती. मिसुरी नदीपासून पश्चिमेकडे युनियन पॅसिफिक आणि कॅलिफोर्नियातून पूर्वेकडे सेंट्रल पॅसिफिक, अशा दोन कंपन्यांनी रूळ टाकत यायचं आणि मध्ये कुठेतरी भेटायचं. सरकार मैलाला कर्जरोखे देणार : सपाटीवर १६ हजार डॉलर, डोंगरात ४८ हजार, मधल्या उंच प्रदेशात ३२ हजार. शिवाय रुळांच्या दोन्ही बाजूंची जमीन. एवढं देऊनही खासगी पैसा पुढे येईना, तेव्हा १८६४ मध्ये कायदा बदलून जमीन दुप्पट केली आणि कर्जफेडीत सरकारने स्वतःचा हक्क खासगी सावकारांच्या मागे ठेवला.

कंपनीचं भलंबुरं किती टोकाला संसदेच्या हातात होतं, हे इथे ध्यानात ठेवायला हवं. जमीन, कर्ज, तारण सगळं कायद्याने मिळालेलं, आणि कायद्यानेच काढून घेता येण्यासारखं.

आता त्यातली मेख. युनियन पॅसिफिकचे शेअर दर्शनी किमतीला, म्हणजे १०० डॉलर रोख घेऊनच विकायचे, असं कायद्याचं बंधन होतं. बाजारात त्यांना तेवढं कुणी देत नव्हतं. ओसाड माळरानातून जाणारी रेल्वे, ना गावं ना माल, कोण पैसे घालणार? कंपनीचा उपाध्यक्ष थॉमस ड्युरंट याने यावर तोडगा काढला. पेनसिल्व्हेनियातली एक जुनी परवान्याची कंपनी त्याने आणि साथीदारांनी विकत घेतली आणि १८६४ साली तिला फ्रान्समधल्या एका बड्या वित्तसंस्थेच्या धर्तीवर नाव दिलं : क्रेडिट मोबिलिए ऑफ अमेरिका. रेल्वे बांधायचं कंत्राट या कंपनीकडे. रेल्वे कंपनी तिला चेकने पैसे देणार, त्याच पैशातून ती रेल्वेचे शेअर आणि रोखे दर्शनी किमतीला घेणार, आणि मग बाजारात येईल त्या भावाने विकणार. कागदावर कायदा पाळला गेला. प्रत्यक्षात बांधकामाचा दर इतका फुगवलेला होता की शेअर पडेल भावाने विकूनही भरपूर नफा उरे. रेल्वेचे मुख्य भागधारक आणि कंत्राटदार कंपनीचे भागधारक एकच. बांधून घेणारेही तेच, बांधून देणारेही तेच. दोन्हीकडे स्वतःच बसलेल्या माणसाने घासाघीस कुणाशी करायची?

ही चाल पहिल्यांदा ज्याच्या डोळ्यांत खुपली तो पीटर डे. तो युनियन पॅसिफिकचा मुख्य इंजिनिअर होता. पहिल्या टप्प्याला मैलामागे ३० हजार डॉलर पुरतील असा त्याचा अंदाज होता. कंत्राट निघालं मैलाला ५० हजारांनी, हर्बर्ट हॉक्सी नावाच्या माणसाला पुढे करून. डे याने १८६४ च्या डिसेंबरात राजीनामा दिला. देशातल्या त्याच्या पेशाच्या माणसाला मिळू शकणारी सगळ्यात मोठी जागा त्याने सोडली, आणि का सोडली तेही लिहून दिलं. पुढे ओमाहाजवळ डेने आखलेला सरळ मार्ग बदलून वळणाचा मार्ग घेतला गेला आणि लांबी नऊ मैलांनी वाढली. पैसे मैलावर मिळत होते, हे वेगळं सांगायला नको. या सगळ्या प्रकरणात माझा सगळ्यात जास्त आदर डे याच्याविषयी आहे. त्याचं नाव आज फार कुणाला ठाऊक नाही.

एम्स बंधू यात आले ते यानंतर, १८६५ मध्ये. लिंकनने स्वतः ओक्सला बोलावून 'तुम्ही हे हातात घ्या' असं सांगितलं, अशी परंपरेने चालत आलेली कथा आहे. ती खरी असो-नसो, ओक्सने हे काम देशकार्य समजून हातात घेतलं यात मला शंका वाटत नाही. दोघा भावांनी घरचा पैसा ओतला आणि बॉस्टनच्या ओळखीपाळखीच्या सावकारांचा आणला. ऑलिव्हर १८६६ पासून युनियन पॅसिफिकचा अध्यक्ष झाला. ड्युरंटशी त्यांचं भांडण झालं आणि १८६७ मध्ये त्यांनी त्याला क्रेडिट मोबिलिएतून बाहेर काढलं. त्याच वर्षीच्या ऑगस्टात ६६७ मैलांचं, सुमारे ४ कोटी ७० लाख डॉलरचं कंत्राट खुद्द ओक्स एम्सच्या नावावर झालं. चालू खासदाराच्या नावावर, सरकारी रोख्यांच्या आणि सरकारी जमिनीच्या जोरावर बांधल्या जाणाऱ्या रेल्वेचं कंत्राट! आणि हे त्या वेळी कायद्याने गुन्हा नव्हतं.

१८६७-६८ च्या हिवाळ्यात एम्सने क्रेडिट मोबिलिएचे शेअर आपल्या संसदेतल्या सहकाऱ्यांना द्यायला सुरुवात केली. फुकट नाही. दर्शनी किंमत आणि वर थोडं व्याज, असा भाव. पण बाजारात त्या वेळी हा शेअर मिळतच नव्हता, कारण मोठा लाभांश येणार हे आतल्या लोकांना माहीत होतं. खरी किंमत दर्शनी किमतीच्या कितीतरी वर होती. ज्यांच्याकडे रोख नव्हती त्यांना एम्स सांगे, राहू द्या, लाभांशातून वळते करून घेऊ. तेवढ्यात विस्कॉन्सिनचा सदस्य कॅडवालेडर वॉशबर्न याने युनियन पॅसिफिकच्या भाड्यांवर सरकारी नियंत्रण आणणारं विधेयक मांडलं होतं. एम्सने भागीदार हेन्री मॅकोम्ब याला याच दिवसांत पत्रं लिहिली. आपले शेअर जिथे सगळ्यात जास्त उपयोगी पडतील तिथेच आपण देतो आहोत, या संसदेत आपल्याला मित्र हवेत, आणि स्वतःचा काही संबंध असल्याशिवाय माणसं कायदा नीट वाचायचे कष्ट घेत नाहीत, असा त्या पत्रांचा आशय.

हे शेवटचं वाक्य मी कितीदा तरी वाचलं. त्यात धमकी नाही, सौदा नाही. माणसाचा स्वभाव ओळखलेल्या व्यापाऱ्याचं ते साधं निरीक्षण आहे. ज्याची खावी पोळी त्याची वाजवावी टाळी, ही म्हण आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या आहे. एम्सने एवढंच केलं की टाळी वाजवा असं न सांगता पोळी वाढून ठेवली.

साडेचार वर्षं कुणाला पत्ता लागला नाही. मग मॅकोम्बचं एम्सशी शेअरवरून भांडण झालं, प्रकरण कोर्टात गेलं, पत्रं बाहेर आली, आणि ४ सप्टेंबर १८७२ ला, ऐन निवडणुकीच्या धामधुमीत, न्यूयॉर्कच्या 'सन' या वर्तमानपत्राने ती छापली. डिसेंबरात संसद भरली तेव्हा सभापती जेम्स ब्लेन खुर्चीवरून उतरून खाली आला आणि त्याने स्वतःच चौकशीची मागणी केली. व्हरमाँटचा लूक पोलंड समितीचा अध्यक्ष झाला. आधी चौकशी बंद दाराआड सुरू झाली. लोक खवळले तेव्हा दारं उघडावी लागली.

आणि मग एकेक मोठी माणसं 'छे, माझा काय संबंध' म्हणू लागली. इथे एम्स बदलला. सुरुवातीला त्याने सहकाऱ्यांना सांभाळून घेतलं होतं. पण तेच उलटून त्याला खोटं पाडायला लागल्यावर त्याने आपली नोंदवही समितीपुढे आणली. कुणाला किती शेअर, लाभांश किती, वळते किती केले, हाती किती दिले, सगळं वहीत होतं. फावड्याच्या कारखान्यातला हिशेब लिहावा तसं.

यातली एक नोंद जवळून बघण्यासारखी आहे. स्कायलर कोल्फॅक्स. शेअर घेतले तेव्हा तो प्रतिनिधीगृहाचा सभापती होता, चौकशीच्या वेळी देशाचा उपाध्यक्ष. एम्सकडून आपल्याला एक डॉलरही मिळाला नाही असं तो सांगत होता. एम्सने दाखवलं की २० जून १८६८ ला 'एस. सी.' या आद्याक्षरांच्या नावे १२०० डॉलरचा चेक काढला होता. कोल्फॅक्स म्हणाला, तो मला मिळालाच नाही. समितीने त्याच्या बँकेचं पुस्तक मागवलं. २२ जूनला, दोनच दिवसांनी, खात्यात रोख १२०० डॉलर भरलेले. यावर कोल्फॅक्सने खुलासा केला की त्यातले हजार डॉलर जॉर्ज नेस्बिट नावाच्या न्यूयॉर्कच्या हितचिंतकाने निवडणुकीसाठी पाकिटात घालून पाठवले होते. नेस्बिट तोवर वारला होता, त्यामुळे विचारायची सोय नव्हती. पण नेस्बिटचा धंदा काय होता? टपाल खात्याला सरकारी पाकिटं छापून पुरवण्याचा. आणि कोल्फॅक्स पूर्वी कोणत्या समितीचा अध्यक्ष होता? टपाल खात्याच्या. एका हितसंबंधातून सुटण्यासाठी त्याने दुसरा हितसंबंध पुरावा म्हणून पुढे केला आणि आपण काय बोलतो आहोत हे त्याच्या लक्षातसुद्धा आलं नाही. ही सवय किती खोलवर मुरलेली होती, हे मला त्या रेल्वेच्या सगळ्या आकड्यांपेक्षा या एका खुलाशातून जास्त कळतं.

ओहायोचा जेम्स गारफील्ड याच्या नावापुढे दहा शेअर आणि लाभांशातून किंमत वळती होऊन उरलेले ३२९ डॉलर असे होते. ते आपण उसने घेतले होते, असं त्याचं म्हणणं. न्यूयॉर्कचा डेमोक्रॅट जेम्स ब्रुक्स याची तर कमाल होती. युनियन पॅसिफिकच्या संचालक मंडळावर सरकारचे म्हणून काही संचालक नेमलेले असत, जनतेच्या पैशावर लक्ष ठेवायला. ब्रुक्स त्यांच्यातला एक. सरकारी संचालकाने रेल्वेचे शेअर घ्यायचे नाहीत असं बंधन असताना त्याने क्रेडिट मोबिलिएचे शेअर मिळवले आणि जावयाच्या नावावर ठेवले. कुंपणच शेत खातं म्हणतात ते हे.

पोलंड समितीने १८ फेब्रुवारी १८७३ ला अहवाल दिला. एम्सने सदस्यांवर प्रभाव पाडण्याच्या हेतूने शेअर दिले, तो दोषी. त्याला आणि ब्रुक्सला सभागृहातून काढून टाका. बाकीच्या सदस्यांनी शेअर घेतले खरे, पण देणाऱ्याचा हेतू त्यांना ठाऊक नव्हता, त्यांच्या मनात वाईट नव्हतं, म्हणून ते निर्दोष.

म्हणजे लाच दिली गेली, पण एक ब्रुक्स सोडला तर ती कुणी घेतली नाही. दोन हातांतल्या एकाच हाताला शिक्षा. २७ फेब्रुवारीला सभागृहाने हकालपट्टीऐवजी दोघांच्याही निषेधाचे ठराव केले, एम्सच्या विरोधात १८२ मतांनी, बाजूने ३६. ज्या कंपनीत स्वतःचा हितसंबंध आहे आणि जिचं हित थेट संसदेच्या कायद्यांवर अवलंबून आहे, तिचे शेअर सदस्यांना घ्यायला लावून तिच्याकडे संसदेचं लक्ष वळवल्याबद्दल सभागृह या वर्तनाचा निषेध करतं, असे एम्सविरुद्धच्या ठरावाचे शब्द होते. एम्सने दोन दिवस आधी वाचून दाखवायला दिलेल्या निवेदनात विचारलं होतं की इतरांच्या पापांचं प्रायश्चित्त म्हणून मला एकट्यालाच बळी देणार का. मत दिल्यावर कितीतरी सदस्य त्याच्या बाकापाशी येऊन माफी मागून गेले असं सांगतात. ३० एप्रिलला ब्रुक्स गेला. ८ मे ला, ठरावानंतर सत्तर दिवसांनी, एम्स आपल्या गावी वारला. वय ६९.

चोर सोडून संन्याशाला फाशी, असं याला म्हणवत नाही, कारण एम्स संन्यासी नव्हता. पण त्या सभागृहात सगळं खरं सांगणारा तो जवळपास एकटाच होता आणि तरी शिक्षा त्याला झाली, याचा मला आजही राग येतो. त्या दिवशी संसदेने जगाला जो धडा दिला तो असा होता : हिशेब लिहून ठेवू नका, आणि विचारलं तर आठवत नाही म्हणा.

आता आजच्या वादाकडे येतो. बंदीला विरोध करणारे पहिलं म्हणतात ते हे की शेअर होते म्हणून मत विकलं गेलं, असं सिद्ध करून दाखवा. पोलंड समितीही इथेच अडकली. मत बदलल्याचा पुरावा मिळणार नाही, कारण हितसंबंध मत बदलत नाही. तो मताची वेळच येऊ देत नाही. वॉशबर्नचं भाड्यांवर नियंत्रण आणणारं विधेयक मंजूर झालं नाही. ते कुणाच्या दहा शेअरमुळे पडलं असं कुणी दाखवू शकणार नाही. जो प्रश्न विचारला गेला नाही, जी चौकशी कुणी मागितली नाही, जी दुरुस्ती समितीतच विरून गेली, तिची नोंद कुठल्या वहीत सापडणार? हे घेणाऱ्यालाही कळत नाही. आपलं मत आपण सद्सद्विवेकबुद्धीनेच बनवलं असं तो शपथेवर सांगेल आणि ते खोटंही नसेल. म्हणूनच हेतू तपासणारा कायदा इथे कुचकामी ठरतो. तपासायची ती मालकी.

दुसरं म्हणतात की काम तर झालं! १० मे १८६९ ला युटामधल्या प्रोमाँटरीला रूळ जुळले, देश जोडला गेला. युनियन पॅसिफिक पुढे १८९३ मध्ये बुडाली तरी सरकारचं कर्ज अखेरीस वसूल झालं. मला हे मान्य आहे. पण तारखा बघा. संसदेत शेअर वाटले गेले तो १८६७-६८ चा हिवाळा. रूळ तेव्हा वायोमिंगमध्ये शायनपर्यंत पोचले होते आणि क्रेडिट मोबिलिए लाभांश देऊ लागली होती. खासदारांच्या हातात गेलेल्या त्या शेअरमुळे एक मैलही जास्त बांधला गेला नाही. रेल्वेला त्यांच्या हजार-दोन हजार डॉलरची गरजच नव्हती. गरज होती ती त्यांच्या गप्प बसण्याची. आणि ज्यांच्या हातात ती फावडी होती त्यांचं काय? प्रोमाँटरीचा समारंभ ८ मे ला ठरला होता. त्याच्या आदल्या दिवसांत वायोमिंगमधल्या पिडमाँट इथे मजुरांनी खुद्द ड्युरंटची गाडी अडवून ठेवली, कारण महिनोन्‌महिने पगार झाला नव्हता. खासदारांना लाभांश वेळेवर मिळाला होता.

आणखी एक बाजू या सभागृहात नव्हतीच. १८६२ च्या कायद्यातच लिहिलं होतं की रेल्वेच्या वाटेतल्या जमिनींवरचे मूळ रहिवाशांचे हक्क सरकारने शक्य तितक्या लवकर संपुष्टात आणावेत. शायन, लकोटा, पॉनी या लोकांना त्या संसदेत ना मत होतं ना आवाज. 'रेल्वेला मित्र हवेत' म्हणणाऱ्याच्या पिशवीत शेअर होते. रेल्वेमुळे ज्यांचं रान आणि शिकार जाणार होती, त्यांच्याकडे सदस्यांना देण्यासारखं काही नव्हतं. प्रतिनिधींच्या हातात एका बाजूचे शेअर असतात तेव्हा दुसऱ्या बाजूच्या लोकांचं काय होतं, हे याहून उघड कुठे दिसणार?

त्याच यादवी युद्धाने त्याच वर्षांत आपल्या मुंबईतही असाच खेळ मांडला होता. अमेरिकेचा कापूस बंद झाला, वऱ्हाड-खानदेश-गुजरातचा कापूस सोन्याच्या भावाने गेला, आणि शेअरांचा उन्माद चढला. बँक ऑफ बॉम्बेत सरकारचं भांडवल होतं, सरकारने नेमलेले संचालक होते. तरी त्याच बँकेतून, खुद्द संचालक असलेल्या प्रेमचंद रायचंदांच्या वजनावर, पुरेशा तारणाशिवाय सट्ट्यासाठी कर्जं गेली. युद्ध संपलं, भाव कोसळले, १ जुलै १८६५ ला बाजार बसला आणि बँकही पुढे बुडाली. राखण करायला बसवलेला माणूस स्वतःच बाजारात उतरला की काय होतं, हे मुंबईने अमेरिकेच्या आधी पाहिलं. प्रेमचंदांच्या दानातून उभा राहिलेला राजाबाई टॉवर आज विद्यापीठाची शान आहे. तसाच एम्स बंधूंच्या नावाचा ६० फूट उंच ग्रॅनाइटचा पिरॅमिड वायोमिंगच्या माळावर उभा आहे, तो युनियन पॅसिफिकने १८८२ मध्ये पुरा केला. पुढच्याच वर्षी मॅसॅच्युसेट्सच्या विधिमंडळाने ओक्सची बदनामी पुसणारा ठराव केला, आणि त्याचा मुलगा नंतर राज्याचा गव्हर्नर झाला. मला या स्मारकांविषयी आकस नाही. फक्त स्मारक पाहून हिशेब विसरू नये, एवढंच म्हणणं आहे.

बंदी आली तर उद्योगातली कर्तबगार माणसं राजकारणात येणार नाहीत, असंही ऐकतो. का येणार नाहीत? एम्सला माती कशी उचलतात, मजूर किती लागतात, मैलाला काय खर्च येतो याची जाण होती, आणि संसदेला त्या जाणकारीची गरज होती. त्या जाणकारीला युनियन पॅसिफिकच्या शेअरची जोड कशाला हवी होती? माणसाने अनुभव घेऊन सभागृहात यावं, मालकी दाराबाहेर ठेवावी. पीटर डे याने पदच सोडलं, इथे आपण फक्त शेअर सोडायला सांगतो आहोत. पुढे हाच डे आयोवा राज्याच्या रेल्वे आयोगावर बसला. रेल्वेची जाण असलेला, पण त्या रेल्वेत स्वतःचा पैसा न अडकलेला माणूस कसा असतो, याचं उदाहरण हवं असेल तर तो आहे.

आणि ज्यांना वाटतं की जाहीर केलं की पुरे, त्यांनी गारफील्डचं काय झालं ते पाहावं. १८८० मध्ये तो राष्ट्राध्यक्षपदासाठी उभा राहिला तेव्हा विरोधकांनी भिंतींवर, फुटपाथवर, जिन्यांवर '३२९' हा आकडा रंगवला. देशातल्या प्रत्येकाला तो पाठ झाला. गारफील्ड निवडून आला. माहिती बाहेर येणं आणि हितसंबंध दूर होणं या वेगळ्या गोष्टी आहेत. ४५ दिवसांनी जाहीर होणारा व्यवहार मतदाराला फार तर एवढंच सांगतो की तुमचा प्रतिनिधी त्या दिवशी कुणाचा भागीदार होता. तोवर समितीची बैठक झालेली असते, विधेयक लिहून झालेलं असतं. आणि २०० डॉलर हा दंड म्हणजे गारफील्डच्या वादग्रस्त ३२९ डॉलरपेक्षाही कमी, तेही दीडशे वर्षांनंतरचे डॉलर!

म्हणून बंदी कशी असावी यावरही नेमकं बोललं पाहिजे. निवडून आल्यावर ठरावीक मुदतीत एकेकट्या कंपन्यांचे शेअर विकून टाकायचे. पैसा गुंतवायचाच तर सगळ्या बाजारात विखुरलेल्या फंडात, किंवा सरकारी रोख्यांत. दंड व्यवहाराच्या रकमेच्या प्रमाणात, आणि मिळालेला नफा पूर्ण जप्त. चौकशी सभागृहातल्या सहकाऱ्यांकडे नको, कारण पोलंड समितीतही सहकारीच सहकाऱ्यांना तपासत होते आणि त्यांना देणारा दिसला, घेणारे दिसले नाहीत. आणि ही बंदी सदस्यापुरती ठेवून भागणार नाही. नवरा-बायको, मुलं, सुना-जावई सगळे तिच्यात आले पाहिजेत. ब्रुक्सचे शेअर जावयाच्या नावावर होते.